इंजेक्शनच्या आधी प्रश्न विचारणारा दवाखाना (कुडाळ)

गाय, बोका आणि कुत्रा, आमच्या घरचे तिघेही या दवाखान्याचे पेशंट आहेत. आम्ही म्हापणच्या बाजूला राहतो. कुडाळला यायचं म्हणजे अर्धा दिवस मोडतो आणि मांजर पिंजऱ्यात घालून एसटीने यायचं तर तो आणखी लांबतो. तरीही मी इथेच येते. सविस्तर लिहिते आहे, कारण इथल्या तपासणीची पद्धत आपल्याकडे लोकांच्या सवयीची नाही. "ह्या बाय नुसता इचारीत बसता, सुई कधी मारतली?" असं म्हणत शेळी घेऊन उठून गेलेले एक गृहस्थ मी स्वतः पाहिले आहेत. त्यांनी थांबायला हवं होतं.

इथल्या डॉक्टर तरुण आहेत, परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकलेल्या. जनावर समोर आलं की त्या आधी हात लावत नाहीत, पाहतात. कान कुठे आहेत, वजन कुठल्या पायावर आहे, मालकाकडे वळतं की भिंतीकडे. मग प्रश्न. खाणंपिणं, शेण, लघवी हे कुठेही विचारतात. इथे त्यापुढचं विचारतात: झोपायची जागा बदलली का? बसलेली गाय उठताना पुढचे पाय आधी टेकते की मागचा भाग आधी उचलते? कळपात मागे राहते का? घरात माणूस, जनावर, सामान, काही नवीन आलंय का? मी हायस्कूलात विज्ञान शिकवलं आहे, त्यामुळे निरीक्षणाचं महत्त्व मला कोणी सांगायची गरज नाही. पण जनावराचं रोजचं वागणं हा रक्त-लघवीच्या रिपोर्टइतकाच पुरावा मानून त्यावरून निदानाकडे जाणारा डॉक्टर मी आमच्या भागात दुसरा पाहिलेला नाही.

हरणीचं उदाहरण सांगते. हरणी आमची गाय, कोकण कपिला. लहान चणीची, पावसाला न कंटाळणारी, दूध बेताचंच पण घरापुरतं पुरतं. पावसाळ्याआधी आम्ही घराची कौलं उतरवून काही वासे बदलून घेतले. ते काम संपून थोडे दिवस झाले आणि हरणीचं दूध एकदम निम्म्यावर आलं. रवंथ कमी, अंगात थोडी कणकण, वैरण पुढ्यात तशीच. एका ठिकाणाहून पाचक पूड आणि इंजेक्शन झालं. वाडीतल्या दोघींनी दृष्ट काढायला सांगितलं. सासूबाईंच्या समाधानासाठी तीही काढली. फरक शून्य.

आमच्याकडे गुरं राखायला येणारा म्हातारा गडी मात्र एकच गोष्ट परत परत सांगत होता. "चढणीक बरी चढता. उतार इलो की थांबता. खाली उतरूकच मागत नाय." घरातल्या कोणी ते फारसं मनावर घेतलं नाही, कारण चढण चढणारी गाय आजारी कशी असेल असं सगळ्यांना वाटत होतं. डॉक्टरांना फोनवर सगळं सांगताना मी हेही सांगितलं. त्याबरोबर त्यांनी बाकीचं विचारणं थांबवलं. "काकी, ती उतरताना कण्हते का? पुढच्या पायांची कोपरं अंगापासून बाहेर काढून उभी राहते? गोठ्यात पुढचे पाय उंचावर ठेवते?" ठेवत होती. गव्हाणीच्या कडेला जो चौथरा आहे, त्यावर पुढचे दोन्ही पाय चढवून तासन्‌तास उभी असायची. त्याच संध्याकाळी डॉक्टर आमच्याकडे आल्या.

आल्या त्या थेट गोठ्यात शिरल्या नाहीत. कुडणाबाहेर उभ्या राहून हरणीला बघत राहिल्या. घरातल्या कोणाशी बोलायच्या आधी त्यांनी त्या म्हाताऱ्या गड्याला बसायला खुर्ची मागवली आणि त्याच्याकडून सगळं पहिल्यापासून ऐकलं. कुठल्या उतारावर थांबते, थांबल्यावर काय करते, वाट सोडून आडवी उतरते का. तो माणूस आयुष्यभर गुरांमागे चाललेला आहे आणि त्याचं म्हणणं कोणी कागदावर लिहून घेतंय हे बहुधा त्याने पहिल्यांदाच पाहिलं. मग त्यांनी हरणीची वशिंडामागची पाठ चिमटीत धरून दाबली. तसं दाबलं की निरोगी गाय पाठ खाली झुकवते. हरणीने पाठ ताठ धरली आणि कण्हली. दुसऱ्या खेपेला त्यांनी गळ्यावर, श्वासनलिकेपाशी स्टेथोस्कोप ठेवून तेच केलं, आणि आम्हाला न ऐकू आलेलं कण्हणंही त्यांना ऐकू आलं.

निदान असं की पोटात तार. गाय चरताना जिभेने घास ओढून नीट न चावता गिळते, त्यामुळे खिळा-तार तिला तोंडात वेगळी कळत नाही. अशी जड वस्तू पोटाच्या पुढच्या, आतून जाळी असलेल्या कप्प्यात जाऊन बसते. त्या कप्प्याच्या पुढे पोट आणि छाती यांच्यामधला पडदा आणि पडद्याच्या पलीकडे लगेच हृदय. गाय उतार उतरू लागली की पोटातला सगळा भार पुढे सरकतो, कप्पा दाबला जातो आणि तार टोचते. चढताना भार मागे जातो, म्हणून चढण सुसह्य. चौथऱ्यावर पुढचे पाय ठेवून उभं राहण्याचं कारणही तेच. आपलं दुखणं कमी कसं करायचं हे गाय स्वतः शोधून करत होती आणि रोज सगळ्यांसमोर करत होती. कोकणातल्या घराला उतार नसेल असं होत नाही, तेव्हा गुरं असलेल्या प्रत्येकाने हे एक लक्षण पाठ करून ठेवावं असं मला मनापासून वाटतं.

डॉक्टरांनी खात्रीचा आव आणला नाही. पोट उघडल्याशिवाय किंवा एक्स-रे काढल्याशिवाय शंभर टक्के सांगता येत नाही, पण लक्षणं जुळतात, असं स्पष्ट बोलल्या. गळ्याची शीर फुगली किंवा पुढच्या दोन पायांमध्ये छातीला सूज आली तर तार हृदयाच्या आवरणापर्यंत गेली असं समजायचं आणि मग हातात फारसं काही उरत नाही, हेही लपवलं नाही. हरणीला तसं नव्हतं. एक बोटाएवढं लोहचुंबक नळीने तिच्या घशातून पोटात सोडलं. ते त्याच कप्प्यात जाऊन बसतं आणि जन्मभर तिथेच राहतं, लोखंड धरून ठेवतं. जोडीला अँटिबायोटिक आणि वेदनाशामक. आणि ती जे स्वतः करत होती तेच आम्हाला औषध म्हणून करायला लावलं: मागे उतार राहील अशा जागेवर, पुढचे पाय उंच ठेवून बांधायची, चरायला सोडायची नाही. गोठ्याच्या मागे आम्हाला बायंडिंगच्या तारेचे तुकडे सापडले. वासे बांधताना पडलेले. आता हरणी मळ्यात उतरते. दूध पूर्वीएवढं पूर्ण आलं नाही, पण गाय आहे.

त्याच छपराच्या कामाने बोक्यालाही दुखणं लावलं होतं. बंड्या ठाण्याच्या फ्लॅटमध्ये वाढलेला, लेकीने आमच्याकडे ठेवलेला. तो देवघरासमोरच्या लादीवर लघवी करू लागला. घरात चिडचिड, सोवळंओवळं, "परत पाठव त्याला" इथपर्यंत गोष्ट गेली. दुसरीकडे अँटिबायोटिकचा कोर्स झाला होता. पुन्हा तेच. इथे पहिला प्रश्न आला तो बसण्याचा: उभा राहून, शेपूट वर करून थरथरवत भिंतीवर फवारा मारतो की खाली बसून करतो? फवारा म्हणजे हद्द सांगणं. खाली बसून, पुन्हा पुन्हा, थोडी थोडी, आणि तीही गार गुळगुळीत लादीवर, तर मूत्राशयाला दाह असण्याची शक्यता आधी तपासायची. लघवी तपासली. रक्त होतं, जंतू नव्हते. तरुण मांजरांमध्ये जंतुसंसर्ग तसा कमीच आढळतो, आणि बरेचदा या दाहाचं दुसरं कुठलंच कारण सापडत नाही, पण ताणाशी त्याचा जवळचा संबंध असतो. अमेरिकेतल्या ओहायो स्टेट विद्यापीठाच्या टोनी बफिंग्टन यांनी या विषयावर बरंच काम केलं आहे. घरातलं वातावरण बदलून अशा मांजरांना बरं वाटतं, हे त्यांच्या गटाने २००६ साली दाखवलं.

आमच्या घरात ताण कशाचा? कामगारांची ठोकाठोक एक, आणि कौलं उतरलेली असताना माडीवर शिरू लागलेला एक रानटी बोका दुसरा. काम संपलं तरी तो रोज रात्री पडवीच्या खिडकीत येऊन बसत असे. हे आम्ही आपणहून सांगितलंच नसतं, "खिडकीतून त्याला काय दिसतं?" असं विचारलं म्हणून निघालं. औषध थोडं, वेदना कमी होण्यापुरतं. बाकी सगळं घरात करायचं होतं: खिडकीच्या खालच्या अर्ध्याला आतून कागद, शी-लघवीसाठी माती घातलेले ट्रे एकाऐवजी दोन आणि वेगवेगळ्या खोल्यांत, पाण्याची भांडी जेवणाच्या बशीपासून लांब, ओलं खाणं जास्त, आणि कपाटावर लपायला एक खोका. थोड्या आठवड्यांत लादी कोरडी राहू लागली.

इथे एक गोष्ट ठळकपणे लिहायला हवी. बोका वारंवार ट्रेमध्ये जातोय, कुंथतोय, ओरडतोय आणि लघवी येतच नाही, तर घरी खिडक्यांना कागद लावत बसू नका. मार्ग बंद झालेला असतो, रक्तात पोटॅशियम वाढतं आणि एक-दोन दिवसांत जीव जाऊ शकतो. मिळेल ते वाहन करून दवाखाना गाठा. आणि वेदनेसाठी माणसाची पॅरासिटामॉल मांजराला कधीही देऊ नका, ते त्याच्यासाठी विष आहे.

मांजरांना इथे ज्या तऱ्हेने हाताळतात ते पाहून मला फार बरं वाटलं. पिंजरा घेऊन आत शिरले तेव्हा मदतनीस लगेच म्हणाला, "काकी, मांजराक हय ठेवू नकात, आत घेवन येवा." बाहेर कुत्रे बसतात, मांजरांना वेगळी लहान खोली आहे, पिंजऱ्यावर टाकायला टॉवेल ठेवलेले आहेत. बंड्याला मानगुटीला धरून बाहेर ओढला नाही. पिंजऱ्याचं वरचं झाकण काढून खालच्या अर्ध्यात बसलेला असतानाच तपासला. हे लाडासाठी नसतं. घाबरलेल्या मांजराच्या रक्तातली साखर वाढते, रक्तदाब वाढतो, नाडी धावते. त्या आकड्यांवर विसंबलं तर नसलेला मधुमेह सापडतो. बंड्याची साखर पहिल्यांदा जास्तच आली होती. डॉक्टरांनी तिच्यावर काही न लिहिता तो शांत असताना पुन्हा घेतली. बरोबर आली.

त्यांच्या खोलीत भिंतीवर मांजराच्या चेहऱ्यांचा एक तक्ता आहे. कॅनडात माँट्रियल विद्यापीठात तयार होऊन २०१९ साली प्रसिद्ध झालेली ही वेदना मोजायची पद्धत. कान, डोळ्यांची फट, नाकातोंडाभोवतीचा ताण, मिशा आणि डोकं धरण्याची उंची, या पाच गोष्टींना प्रत्येकी ० ते २ गुण द्यायचे. १० पैकी ४ किंवा जास्त झाले तर वेदनाशामक द्यायचा विचार करायचा. मी त्याचा फोटो काढून आणला आहे. मांजर दुखतंय म्हणून ओरडत नाही, गप्प बसतं, आणि त्या गप्प बसण्याला घरात "शहाणा झालाय" म्हणतात. तक्ता पाहिल्यापासून मी बंड्याच्या मिशा बघते.

वाघ्याचं थोडक्यात सांगते. सात वर्षांचा होईपर्यंत शिमगा, गणपती, लग्नातले बाजे, कशालाही न बिचकणारा कुत्रा यंदा फटाका वाजला की पडवीतल्या बाकाखाली शिरू लागला आणि पुढे पुढे त्या पडवीतच यायला तयार होईना. मला गोळी हवी होती भीतीची. डॉक्टरांनी मागचे पाय एकेक करून ताणून पाहिले आणि डाव्या खुब्याशी तो वळून हाताकडे आला. उतारवयात नव्याने सुरू झालेली आवाजाची भीती दिसली की त्या आधी सांधे तपासतात. इंग्लंडच्या लिंकन विद्यापीठातल्या अभ्यासकांनी २०१८ साली आवाजाला घाबरणारे २० कुत्रे तपासले, त्यांतले निम्मे सांध्या-स्नायूंच्या दुखण्याचे होते. त्या दुखणाऱ्यांची भीती बाकीच्यांपेक्षा सरासरी जवळपास चार वर्षं उशिरा सुरू झालेली होती. दचकलं की अंग आखडतं, आखडलं की दुखतं, आणि कुत्रा ते दुखणं आवाजाला आणि जागेला चिकटवतो, असा त्यांचा तर्क आहे. अभ्यास लहान आहे, पण त्याच विद्यापीठातले डॅनियल मिल्स आणि सहकाऱ्यांनी २०२० साली लिहिलं की वागणुकीच्या तक्रारीसाठी त्यांच्याकडे पाठवलेल्या प्राण्यांपैकी, कमीत कमी धरलं तरी, सुमारे एक तृतीयांश प्राण्यांत कुठलं ना कुठलं दुखणं असतं. वाघ्याच्या खुब्याला संधिवात निघाला. वेदनेची गोळी आणि वजन कमी करणं चालू आहे. पडवीत येतो आता. मोठ्या माळेला अजून घाबरतो.

प्रतीक्षेच्या जागेत मोठ्या अक्षरांत एक सूचना लावली आहे, ती प्रत्येक ग्रामपंचायतीत लागायला हवी. गाय-म्हैस लाळ गाळतेय, गिळता येत नाही, आवाज घोगरा होऊन सारखी हंबरतेय, तर घशात काही अडकलंय असं समजून तोंडात हात घालू नका. तो रेबीज असू शकतो. आमच्या बाजूला गुरांच्या घशात आंब्याची बाठ, फणसाची आठळी अडकते म्हणून हात घालायची सर्रास पद्धत आहे आणि म्हणूनच मला ही सूचना इतकी मोलाची वाटते. कुत्र्याच्या बाबतीतही स्वभाव अचानक पालटणं हीच खूण: माणसात राहणारा अंधारात जाऊन बसतो, नाहीतर जवळ न येणारा रानटी कुत्रा अंगाला येऊन चिकटतो. चावा किंवा लाळेचा जखमेशी संबंध आला तर साबण आणि वाहत्या पाण्याने पंधरा मिनिटं धुवायचं आणि लगेच सरकारी रुग्णालयात जाऊन लस घ्यायची. लक्षणं दिसू लागल्यावर या रोगावर उपाय नाही.

आता उणिवा. वेळ फार जातो. एका पेशंटला अर्धा-पाऊण तास म्हणजे बाहेर रांग लागणारच, आणि बाहेरची शेड इतकी लहान आहे की पावसात शेळ्या घेऊन आलेली माणसं भिजत उभी असतात. मांजरांच्या खोलीसाठी जागा निघाली तशी यांच्यासाठीही निघायला हवी. एक्स-रे नाही, वाघ्याला त्यासाठी दुसरीकडे न्यावं लागलं आणि तो खर्च वेगळा. पहिल्या भेटीला भरायचा कागद दोन पानी आहे, बारीक अक्षरांत. लिहायची सवय नसलेला शेतकरी तो कोरा परत देतो आणि नेमकी हवी ती माहिती राहून जाते. मदतनीस मालवणीत सुंदर बोलतो, त्यानेच तोंडी विचारून भरून घ्यावा, असं मी डॉक्टरांना सांगितलं आहे. तपासणीचे तीनशे रुपये, घरी येण्याचे अंतरानुसार वेगळे. शेळीच्या मालकाला हे जड जातं हे खरं आहे. पण चुकीच्या औषधांवर हरणीसाठी आधी गेलेले पैसे याहून जास्त होते.

जाणार असाल तर आदल्या दिवशी फोन करा, सकाळी उचलतात, दुपारनंतर सहसा नाही. घरी असताना जनावराचा मोबाइलवर व्हिडिओ काढून न्या: चालताना, उठताना, खाताना, लघवीला बसताना. दवाखान्यात मांजर दगड होऊन बसतं आणि लंगडणारा कुत्रा भीतीने सरळ चालतो, तेव्हा व्हिडिओच उपयोगी पडतो. गाय-म्हैस असेल तर तिच्यामागे रोज जो चालतो त्याला बरोबर न्या किंवा फोनवर द्या. कुत्रा-मांजर झोपलेलं असताना मिनिटाला किती श्वास घेतं ते मोजून लिहून ठेवा, तीसच्या वर सतत जात असेल तर ते आधी सांगा. रविवारी बंद असतो. त्या दिवशी गुराला काही झालं तर सरकारच्या फिरत्या पशुवैद्यकीय पथकासाठी १९६२ हा टोल फ्री नंबर आहे. तिथेही आजाराचं नाव सांगण्याआधी जनावर कालपासून काय वेगळं करतंय ते सांगा.